टाळीचा उजेड

एक शिल्प डोळ्यासमोर आणा. मोकळ्या जागेत शंभर मीटर लांब खांबांची रांग, दर मीटरला एक खांब, प्रत्येकावर एक दिवा, आणि कोणी टाळी वाजवली की दिवे लागतात. हे सगळं माझ्या डोक्यातलं आहे हां, पण खरंच बांधायला घेतलं तर काय काय अडचणी येतील याचा विचार करत बसलो आणि मजा यायला लागली.

आधी एक गोष्ट क्लिअर करतो. "आवाजाचं प्रकाशात रूपांतर" हे ऐकायला भारी वाटतं पण आपल्या आवाजात तेवढा दमच नसतो. साधं बोलताना तोंडातून जी ध्वनीची पॉवर बाहेर पडते ती साधारण 10 मायक्रोवॅट, म्हणजे एका वॅटचा एक लाखावा भाग. 1 वॅटचा एवढासा एलईडी लावायचा तर लाखभर माणसांनी एकदम बोलायचं आणि त्यातलं कणभरही वाया जाऊ द्यायचं नाही! तरी आपल्याला एकमेकांचं बोलणं ऐकू येतं ते कान तिखट असतात म्हणून, ऐकू येण्याची जी खालची मर्यादा धरतात ती दर चौरस मीटरला एका वॅटचा लाख कोटीवा भाग इतकी कमी आहे. त्यामुळे शिल्पातला माइक फक्त "आवाज आला" एवढी खबर देणार, उजेडाची वीज वायरीतूनच येणार. नळाची तोटी फिरवायला लागणारा जोर वेगळा आणि नळातून येणारं पाणी वेगळं, तसंच.

खराखुरा आवाजातून प्रकाशही निघतो बरं का. 1934 साली जर्मनीत कोलोन विद्यापीठात फ्रेंझेल आणि शुल्टेस हे दोघं फोटो लवकर डेव्हलप व्हावेत म्हणून पाण्यात अल्ट्रासाउंड सोडून बघत होते, तर फिल्मवर नको ते ठिपके आले. झालं असं होतं की ध्वनिलहरींमुळे पाण्यातले बारीक बुडबुडे फुगून मग अचानक मिटत होते, मिटताना आतला वायू इतका दाबला जायचा की हजारो अंश तापायचा आणि क्षणभर चमकायचा. क्षणभर म्हणजे सेकंदाच्या अब्जाव्या भागापेक्षाही कमी. याला सोनोल्युमिनसन्स म्हणतात, आणि त्या बुडबुड्यात नेमकं काय घडतं यावर शास्त्रज्ञांचे वाद अजून चालू आहेत. पण त्याने रस्ता उजळणार नाही, अंधाराला डोळे सरावल्यावर निळसर ठिपका दिसतो, बस्स.

मग रंगाचं काय, वरच्या सुराला निळा आणि खालच्याला लाल? सगळ्यांना आधी हेच सुचतं. न्यूटनलाही मोह झालाच होता, 1704 च्या ‘ऑप्टिक्स’ मध्ये त्याने वर्णपटाची वाटणी सप्तकातल्या स्वरांच्या अंतरांसारखी केली. पण गंमत बघा, कानाला 20 पासून 20,000 हर्ट्झपर्यंत ऐकू येतं, म्हणजे हजारपट, आणि एक सप्तक वर गेलं की वारंवारता (सेकंदाला होणारी कंपनं) दुप्पट होते, म्हणजे जवळपास दहा सप्तकं, आणि डोळ्याला? जांभळ्या प्रकाशाची वारंवारता लालच्या दुप्पटही धड नाही, कसंबसं एक सप्तक. दहा सप्तकं एकात कोंबायची तर कुठला सूर कुठल्या रंगात टाकायचा हे शेवटी बनवणाऱ्याची मर्जी, निसर्गात तसा काही नियम नाही. म्हणून माझ्या शिल्पात रंग नाहीत. साधा पांढरा उजेड.

मला दाखवायचाय तो आवाजाचा वेग. 20 अंश तापमानाला हवेत आवाज सेकंदाला सुमारे 343 मीटर जातो, म्हणजे शंभर मीटरची रांग पार करायला त्याला 0.29 सेकंद लागतात, पापणी लवायला लागतो साधारण तेवढाच वेळ, पण दिसण्याइतका नक्की. अट एकच, प्रत्येक खांबाला स्वतःचा माइक हवा आणि दिवा त्यानेच लावायचा. एकाच माइकवर सगळे दिवे जोडले तर सगळे एकदम लागतील आणि शिल्पाचा जीवच गेला. दिवेही एलईडीच पाहिजेत, जुन्या बल्बची तार तापेपर्यंत आवाज कुठच्या कुठे पोचलेला असेल. आता एका टोकाला टाळी वाजवा, उजेडाची रेघ रांगेतून पळत जाईल, तीच तुमची टाळी.

खरी डोकेदुखी पुढे आहे. एक मीटरवरच्या खांबाला जेवढी टाळी पोचते त्याच्या दहा हजारावा भाग शंभराव्या खांबाला मिळतो, कारण आवाज सगळीकडे पसरत पातळ होत जातो. बरं तिथला माइक जास्त सेन्सिटिव्ह करावा तर वारा, गाड्या, पक्षी, कशानेही दिवा लागणार. यावर उपाय म्हणजे आवाज किती मोठा हे बघायचंच नाही, किती झटक्यात वाढला ते बघायचं. टाळी एकदम चढते, वाऱ्याची घरघर हळूहळू. अगदी फूलप्रूफ नाही, हॉर्न फसवेलच कधीतरी.

आणि शेजारच्या भिंतीवरून प्रतिध्वनी आला की दिवे परत परत लपलपणार, ते तर नकोच, सेकंदाला तीनपेक्षा जास्त फ्लॅश काही लोकांना फिट आणू शकतात म्हणून तशी मर्यादा पाळतात. सोपं म्हणजे एकदा लागला की दिव्याला अर्धा सेकंद गप्प बसवायचं. पण मग दोन टोकांना दोघांनी एकाच वेळी टाळ्या वाजवल्या तर? खरे आवाज मधोमध भेटतात आणि एकमेकांतून आरपार निघून जातात, त्यांना काही होत नाही, पण माझे दिवे मात्र पुढे सरकणार नाहीत, कारण पुढचे सगळे नुकतेच लागून गप्प झालेले. म्हणून प्रत्येक दिव्याला दोनदा लागायची मुभा द्यायची आणि मगच सेकंदभर गप्प. नाहीतर बघणाऱ्याला वाटेल दोन टाळ्या आपटून तिथेच मेल्या, आणि इकडे दोघांनाही समोरच्याची टाळी व्यवस्थित ऐकू आलेली असेल, 0.29 सेकंद उशिरा.