आगीचा घोडा आणि साठचा लसावि

१७ फेब्रुवारी २०२६ ला चिनी वर्ष बदलले आणि 'आगीचा घोडा' सुरू झाला. अमक्याची भरभराट, तमक्याने जपून राहावे, असे निरोप व्हॉट्सॲपवर फिरू लागले. त्यांत '२०२६ मध्ये जन्मलेले सगळे घोडे' असे सर्रास असते. जानेवारीत जन्मलेले बाळ मात्र आधीच्या 'लाकडी सापा'चे! दुसरी गफलत 'चिनी रास' या शब्दाची. आपली रास जन्मवेळी चंद्र कुठे होता त्यावरून ठरते. हा घोडा आकाशात कुठेच नाही, तो मोजणीतला एक आकडा आहे.

ती मोजणी मात्र फार सुंदर आहे. एकात एक अडकलेली दोन दातेरी चाके डोळ्यांसमोर आणा. एकाला १० दात, ही 'आकाशाची खोडे'. दुसऱ्याला १२, या 'धरतीच्या फांद्या', प्रत्येकीवर एक प्राणी. दरवर्षी दोन्ही चाके एकेक दात सरकतात आणि समोरासमोर आलेली जोडी हे त्या वर्षाचे नाव. दहा खोडे, बारा फांद्या, म्हणजे जोड्या १२० व्हायला हव्यात. होतात ६०च, कारण १० आणि १२ यांचा लसावि ६०. उरलेल्या ६० गेल्या कुठे? सुरुवात पहिल्या खोडाने आणि पहिल्या फांदीने होते, दोन्ही विषम. पुढच्या वर्षी दोन्ही सम. म्हणून विषमाला विषम आणि समाला समच भेटते. पहिले खोड आणि दुसरी फांदी यांची गाठ जन्मात पडत नाही.

स्वतः करून बघा. सनातून ३ वजा करा: २०२३. १० ने भागून बाकी ३, म्हणून तिसरे खोड. १२ ने भागून बाकी ७, म्हणून सातवी फांदी, घोडा. (बाकी शून्य आली तर शेवटचा दात.) खोडांना दोन-दोन करून लाकूड, आग, माती, धातू, पाणी वाटून दिले आहे, तिसरे-चौथे आगीचे. आता उलट जाऊ. खोडाची सहापट वजा फांदीची पाचपट: १८ − ३५ = −१७, त्यात ६० मिळवले की ४३. साठांतले हे ४३ वे वर्ष. सहा आणि पाचच का, हे कागदावर मांडून पाहण्यात एक संध्याकाळ मजेत जाते.

आपली प्रभव, विभव ही संवत्सरेही साठच. २०२६ च्या पाडव्याला सुरू होणारे 'पराभव' चाळिसावे, म्हणजे चिन्यांच्या तीन पावले मागे. मात्र आपल्या साठीचा संबंध गुरूच्या सुमारे १२ वर्षांच्या पाच फेऱ्यांशी जोडला जातो.

वर्षांच्या कितीतरी आधी ही चाके दिवसांसाठी फिरत होती. चीनमधल्या आन्यांगला सापडलेल्या, तीन हजारांहून अधिक वर्षे जुन्या हाडांवर शांग घराण्यातल्या राजांचे प्रश्न कोरलेले आहेत. हाड तापवायचे, तडा जाईल त्यावरून कौल घ्यायचा. कौल खरा ठरला का, ते सोडून द्या. दिवसाची जोडी मात्र ते नेमाने कोरत. लू या प्राचीन चिनी राज्याच्या बखरीत एका सूर्यग्रहणाचा दिवस साठांतला सहावा म्हणून नोंदला आहे. आजच्या गणिताने ते ग्रहण इसवी सनपूर्व ७२० मधल्या २२ फेब्रुवारीचे (ज्युलियन, म्हणजे जुन्या रोमन पंचांगाने). तिथपासून १ जानेवारी २००० पर्यंत ९,९३,०४९ दिवस होतात. ६० ने भागून बाकी ४९. सहा अधिक ४९ म्हणजे ५५. आणि चिनी पंचांगात १ जानेवारी २००० हा दिवस ५५ वाच आहे! राजघराणी बुडाली, नवी आली, पण त्या नोंदीपासूनच्या मोजणीत एका दिवसाचीही चूक नाही.

अशा मोजपट्टीवर माणसांनी काय लादले पाहा. जपानमध्ये समजूत होती की आगीच्या घोड्याच्या वर्षी जन्मलेली बाई नवऱ्याला गिळते. आपल्याकडची मंगळाची मुलगी आठवली ना? १९६५ मध्ये तिथे सुमारे १८.२ लाख मुले जन्मली, १९६६ मध्ये १३.६ लाख. पुढच्या वर्षी, घोडा गेल्यावर, १९.४ लाख. भाकीत असे खरे होते: ग्रहांनी काही करावे लागत नाही, आईबाप करतात.

आणि घोडा तरी नक्की कुठला? १९७५ मध्ये चीनच्या हूपे प्रांतात शुइहूदी येथे छिन घराण्याच्या, म्हणजे सुमारे सव्वादोन हजार वर्षांपूर्वीच्या, काळातल्या एका कबरीत बांबूच्या पट्ट्या सापडल्या. चोरी कोणत्या दिवशी झाली त्यावरून चोर कसा दिसतो, हे सांगणारी प्राण्यांची यादी त्यांवर आहे. त्या यादीत सातव्या फांदीवर हरीण आहे. घोडा आठव्या फांदीवर, जिथे आज बकरी असते. चौथे खोडही आगीचेच, तेव्हा या यादीने वर्षे मोजली तर आगीचा घोडा १९६६ चा नव्हे, १९६७ चा. जपानी जोडपी ज्या वर्षाची वाट बघत थांबली होती, नेमके तेच.