सह्याद्रीत पाइन का नाही? डोंगरी झाडांची सोलापूरपर्यंतची पार्श्वभूमी

काश्मीर किंवा मनालीची सहल करून आलेली मंडळी पावसाळा लागला की सोलापूरच्या रोपवाटिकांमध्ये हमखास विचारतात, पाइन मिळेल का? ‘‘हे काय, पाइनच आहे की हो,’’ म्हणत पुढे येतं ते बहुधा ख्रिसमस ट्री, म्हणजे अरोकॅरिया. त्याचं मूळ गाव ऑस्ट्रेलियाच्या पूर्वेला भर समुद्रात असलेलं नॉरफोक बेट. सुरू दाखवला तर तोही पाइन नव्हे. त्याची एक ‘सुई’ तोडून डोळ्यांजवळ धरा: ती पान नसून सांध्यासांध्यांची बारीक डहाळी असते आणि खरी पानं प्रत्येक सांध्यावर इवल्या दातांसारखी चिकटलेली असतात. अंगणातली मोरपंखी, जिचं पान शाळेत ‘विद्या’ म्हणून वहीत ठेवलं जायचं, ती तेवढी सूचिपर्णींच्या गोतातली. तीही आली चीनकडून.

मग खरा पाइन इथे का नाही? इथे उन्हाळा कडक आणि गाव सखल, असं उत्तर लगेच येतं. ते पुरेसं नाही. हिमालयाच्या पायथ्याचा चीड हा पाइन साधारण पाचशे मीटरपर्यंत खाली उतरतो. सोलापूर साडेचारशेच्या आसपास आहे. आणि कळसूबाई तर १,६४६ मीटर उंच, तिथेही एक पाइन नाही. उलट कोडाईकनालला विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पाइन लावले, ते बघताबघता वाढले. आज तिथे जाऊन लोक ज्या ‘पाइन फॉरेस्ट’मध्ये फोटो काढतात ते सगळं माणसाने लावलेलं आहे. म्हणजे दक्षिणेच्या डोंगरांत पाइन जगतो, पण आपल्या पायांनी तो तिथे कधी पोचलाच नाही.

कारण फार जुनं आहे. पाइनचं कूळ उत्तर गोलार्धात घडलं. त्या काळात आपला भूखंड दक्षिणेकडच्या खंडांबरोबर होता, पुढे सुटून एकटाच उत्तरेला सरकत होता. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी या प्रवासातच दख्खनवर लाव्हाचे थर साचले. सोलापूरची काळी जमीन त्याच खडकाची झीज. आशियाशी टक्कर झाली ती त्यानंतर, साधारण ५ कोटी वर्षांपूर्वी. हिमालय उचलला गेला आणि उत्तरेकडच्या झाडांना राहायला उतार मिळाले. खाली चीड, त्याच्या वर पाच-पाच सुयांचा झुबका असलेला कैल, किन्नौरच्या कोरड्या दऱ्यांत चिलगोजा. ओलसर घळींमध्ये मेपल. त्याच्या खोडावरच्या गाठी कोरून तिबेटी लोक चहा-सातूचे वाडगे करत आले. पण पुढे गंगेचं तापलेलं मैदान, त्याच्या खाली कोरडं पठार. ही मंडळी तिथेच थांबली. दक्षिण भारतात मूळचा म्हणावा असा सूचिपर्णी वृक्ष एकच, नागेया, आणि तो निलगिरी-अण्णामलईच्या ओल्या जंगलांत. तोही पाइनच्या कुळातला नाही.

चिनारची कथा निराळी, आणि मला विचाराल तर सर्वांत मजेची. काश्मिरी शालीवर भरलेलं पान पाहून त्याला सर्रास मेपल म्हणतात. पान खरंच तसंच दिसतं. पण मेपलची पानं फांदीवर समोरासमोर जोडीने येतात, चिनारची एकाआड एक. मेपलला पंखवालं फळ, चिनारला लोंबते काटेरी गोळे. अमेरिकेतला सिकॅमोर हा या चिनारचा सख्खा भाऊ, तर इंग्लंडमधला सिकॅमोर चक्क मेपल.

काश्मीरमध्ये चिनार मुघलांनी आणला, असं गाइड ठासून सांगतात. त्यांनी बागा लावल्या हे खरं. पण काश्मीर अकबराच्या ताब्यात आलं १५८६ मध्ये, आणि जहांगीरने आपल्या आठवणींत रावलपूरच्या एका चिनारबद्दल लिहून ठेवलंय: आतून जळून पोकळ झालेल्या त्या खोडात पंचवीस वर्षांपूर्वी आपण घोड्यावर बसून, आणखी पाच खोगीर घातलेल्या घोड्यांसह शिरलो होतो. हे लिहिलं १६२० च्या सुमारास. एवढा घेर दहा-पंधरा वर्षांत होत नाही. झाड पश्चिम आशियाकडून आलं असावं, पण मुघलांच्या बरंच आधी.

सोलापुरात ही झाडं उभी राहिली नाहीत, आली ती सुटी-सुटी. सुक्या मेव्याच्या दुकानात चिलगोजा, भाव ऐकून पुन्हा बरणीत जाणारा. मोबाइल दुरुस्तीच्या टपरीवर सोल्डरिंगच्या डबीतली पिवळट राळ. ती पाइनच्या चिकापासून टर्पेंटाइन काढून घेतल्यावर उरते. आणि सर्वांत जास्त लाकूड येतं परदेशी यंत्रांच्या खोक्यांतून. अशा खोक्याच्या फळीवर गव्हाच्या ओंबीचा शिक्का आणि ‘एचटी’ ही अक्षरं दिसली, तर समजावं की कीड मरावी म्हणून ते लाकूड गाभ्यापर्यंत ५६ अंशांवर किमान ३० मिनिटं तापवलेलं आहे. वखारीत ‘न्यूझीलंड पाइन’ म्हणून मिळतो तो मूळचा कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावरचा. न्यूझीलंडमध्ये त्याची शेती होते. खोकी फोडली की फळ्या भंगारात जातात आणि त्यातून दुकानांची कपाटं, फळ्यांचे रॅक तयार होतात.