फोटो असताना स्केच कशाला? युद्धावर गेलेल्या चित्रकार-पत्रकारांची मागची गोष्ट

लोकलमध्ये स्केचबुक काढलं की एक प्रश्न ठरलेला, "अहो, मोबाईल आहे ना, फोटो काढा की." (ठाणे स्लोमध्ये तर चार जण वाकून बघतात आणि नाक कुठे चुकलंय तेही सांगतात.) हाच प्रश्न रिचर्ड जॉन्सनला किती वेळा ऐकावा लागला असेल देव जाणे, हा माणूस २००३ ला इराकमध्ये जाऊन, आणि नंतर अफगाणिस्तानात कॅनडाच्या सैनिकांसोबत राहून, पेपरसाठी स्केचेस करत होता. हाताशी कॅमेरे असताना पेपरवाले चित्रकार का पाठवतात हे कळायला थोडं मागे जावं लागतं.

१८४२ ला 'इलस्ट्रेटेड लंडन न्यूज' सुरू झालं आणि बातमीला चित्र लागायला लागलं. मग 'स्पेशल आर्टिस्ट' म्हणून माणसं लढाईवर जायला लागली. तो कच्चं स्केच करायचा, बाजूला लिहायचा की इथे धूर, इथे घोडदळ, आणि ते पोस्टाने लंडनला. तिथे दुसरा कोणीतरी ते लाकडावर उतरवायचा, ठोकळ्याचे तुकडे सुटे करून वेगवेगळ्या कारागिरांकडे कोरायला द्यायचे आणि परत जोडायचे. म्हणजे वाचकाला जे दिसायचं त्यात प्रत्यक्ष तिथे गेलेल्याचा हात किती आणि ऑफिसात बसलेल्यांचा किती, हा प्रश्नच आहे. कॅमेरा तेव्हाही होता, १८५५ ला रॉजर फेंटन क्रायमियात (रशियाविरुद्ध ब्रिटन-फ्रान्सचं युद्ध चालू होतं तिथे) फोटो काढत होता, पण एका फोटोला काही सेकंद लागायचे त्यामुळे पळणारा माणूस काही त्यात यायचा नाही.

या स्पेशल आर्टिस्टांमधला विल्यम सिम्पसन आपल्यासाठी जास्त इंटरेस्टिंग. क्रायमियाने त्याचं नाव झालं, १८५७ च्या उठावानंतर भारत फिरून गेला, आणि १८६८ ला ॲबिसिनियाच्या (आजचा इथिओपिया) मोहिमेवर गेला. ती मोहीम बॉम्बे आर्मीचा सेनापती नेपियर याची, फौज आणि तोफा ओढायला ४४ हत्ती इथून मुंबईहून बोटीने गेले (बंदरावर बघ्यांची गर्दी काय असेल, विचार करा). पुढे १८७० च्या फ्रान्स-प्रशिया युद्धात चित्र काढणारा दिसला की हेर म्हणून पकडायचे, तेव्हा हा पठ्ठ्या सिगारेटच्या कागदावर स्केच करायचा, म्हणजे वेळ आलीच तर ओढून टाकता येईल.

पुढे हाफटोन (फोटो बारीक ठिपक्यांत छापायची पद्धत) आलं, फोटो थेट छापता यायला लागला आणि स्पेशल आर्टिस्टचं काम सुटत गेलं. पण संपलं नाही. १९१६ ला ब्रिटिश सरकारने म्युअरहेड बोनला अधिकृत युद्धचित्रकार म्हणून पाठवलं, अर्थात सरकारी खर्चाने गेलेला माणूस काय दाखवणार याला मर्यादा आल्याच. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन फौजेतला व्यंगचित्रकार बिल मॉल्डिन याने थकलेले, दाढी वाढलेले शिपाई काढले तर त्यांचाच जनरल पॅटन जाम भडकला, आणि मॉल्डिनला १९४५ ला पुलित्झर मिळालं.

आपल्याकडे याच काळातलं मोठं नाव चित्तप्रसाद. सैनिक नाही, पण युद्धकाळातला बंगालचा दुष्काळ. १९४३ ला मिदनापूर भागात फिरून त्यांनी उपाशी माणसं काढली, नुसती चित्रं नाही, सोबत कोण, कुठला, काय झालं तेही लिहून ठेवलं. 'हंग्री बेंगाल' पुस्तिका निघाली आणि ब्रिटिशांनी प्रती जप्त करून नष्ट केल्या. फोटो नव्हते तरी सरकार घाबरलंच ना! पुढे हा माणूस कित्येक वर्षं इथे अंधेरीत राहिला, आणि अंधेरीकरांना ते माहीत नाही याचं मला दरवेळी वाईट वाटतं.

मग आज कशाला? माझ्या मते वेळ, बाकी काही नाही. फोटो क्लिक करून माणूस निघून जातो, स्केचला समोर बसावं लागतं आणि बसलेला माणूस बोलायला लागतो. मध्ये सीएसएमटीला ट्रंकेवर बसलेला एक जवान दिसला, सुट्टी संपवून निघालेला, विचारून काढायला घेतला. वीस मिनिटांत बहिणीचं लग्न, विहिरीचं पाणी, रद्द झालेलं रिझर्व्हेशन सगळं कळलं. चित्र तसं बरं नव्हतं आलं. त्याने वही हातात घेऊन बराच वेळ बघितलं आणि म्हणाला, "दादा, मिशी अजून जरा भरीव करा ना."