शिराकावा काझुको

जपानी चित्रपट-अभिनेत्री. जन्म १९४७, नागासाकी प्रांतातील सासेबो. निक्कात्सु कंपनीच्या ‘रोमान पोर्नो’ या प्रौढांसाठीच्या चित्रमालिकेची पहिली नायिका.

१९६७पासून त्या ‘पिंक’ म्हणजे कामुक चित्रपटांत काम करू लागल्या. लहान स्वतंत्र निर्माते तुटपुंज्या भांडवलावर, मोजक्या दिवसांत हे चित्रपट उरकत. पुष्कळदा सगळा चित्रपट कृष्णधवल आणि प्रणयदृश्ये तेवढी रंगीत, असा प्रकार असे. रंगीत फिल्म महाग पडे.

१९१२ साली स्थापन झालेली निक्कात्सु ही जपानमधील सर्वांत जुनी मोठी चित्रसंस्था. दूरचित्रवाणीमुळे प्रेक्षक घटले आणि १९७१पर्यंत ती डबघाईला आली. कमी खर्चाचे कामुक चित्रपट काढून तगायचे तिने ठरवले, तेव्हा तिच्या बहुतेक नामवंत नटनट्यांनी संस्था सोडली. त्यामुळे नायिका बाहेरून आणावी लागली. निशिमुरा शोगोरो दिग्दर्शित ‘दान्चिझुमा : हिरुसागारी नो जोजी’ नोव्हेंबर १९७१मध्ये झळकला. दान्चि म्हणजे सरकारी गृहनिर्माणातील एकसारख्या इमारतींची वसाहत. तिथल्या एका कंटाळलेल्या गृहिणीची भूमिका शिराकावा यांनी केली. चित्रपट चांगला चालला, त्याचे पुढचे भाग निघत राहिले आणि १९८८पर्यंत टिकलेल्या ‘रोमान पोर्नो’ मालिकेला बळ मिळाले.

साधारण सत्तर मिनिटांची लांबी आणि ठरावीक अंतराने प्रणयदृश्य एवढे पाळले, की बाकी दिग्दर्शकाला मोकळीक असे. या मोकळिकीचे कौतुक समीक्षक दिग्दर्शकांच्याच खाती मांडतात. पडद्यावर उघडे पडण्याची, पुढे ‘तसली नटी’ म्हणून ओळखले जाण्याची किंमत मात्र नट्यांनी मोजली. प्रतिष्ठा अगदीच मिळाली नाही असे नव्हे. कुमाशिरो तात्सुमी यांच्या १९७२च्या ‘इचिजो सायुरी : नुरेता योकुजो’मध्ये शिराकावाही होत्या, त्यातील इसायामा हिरोको यांना त्या वर्षी ‘किनेमा जुन्पो’ नियतकालिकाचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

१९७३मध्ये लग्न ठरल्यावर शिराकावा निवृत्त झाल्या. कंपनीने निरोपाचाही चित्रपट केला: सोने चुसेई दिग्दर्शित, त्यांच्याच आयुष्यावरचा, नावातच ‘शिराकावा काझुको’ असलेला. निक्कात्सुकडची त्यांची कारकीर्द जेमतेम दीड वर्षाची.

काही वर्षांनी त्या परतल्या, पण नायिका म्हणून नव्हे. दूरचित्रवाणी मालिकांत आणि मुख्य प्रवाहातील चित्रपटांत शेजारीण, आई, आजी अशा दुय्यम भूमिका करत त्यांनी हा दुसरा डाव पहिल्यापेक्षा कितीतरी लांबवला. शिराईशी काझुया यांच्या २०१३च्या ‘क्योआकु’ या गुन्हेपटातही त्या आहेत.