खाद्यफेरी (खानदेश)

खाद्यफेरी : जाणकार वाटाड्याबरोबर पायी हिंडत, हातगाड्यांवर आणि छोट्या दुकानांत थोडे थोडे खात एखाद्या गावाची ओळख करून घेण्याची रीत. मोठ्या शहरांत हा आता पर्यटनातला रीतसर व्यवसाय आहे. आठ-दहा जणांचा गट, दोन-तीन तासांचा वेळ, पाच-सात थांबे, आधी भरलेले शुल्क आणि त्यातच खाण्याचा खर्च, असा तिचा सर्वसाधारण आराखडा. रस्ता दाखवणे हे वाटाड्याचे सगळ्यात सोपे काम. कोणता पदार्थ किती वाजता कढईतून निघतो, कुठे पाणी पिण्यासारखे आहे, कोणत्या गाडीवर अर्धी प्लेट मागितली तरी मालकाच्या कपाळाला आठी पडत नाही, हे त्याला ठाऊक असावे लागते.

मुंबईत रमजानच्या रात्री महंमद अली रोड, दिल्लीत चांदणी चौक, इंदूरला सराफ्याची दुकाने बंद झाल्यावर त्याच ओट्यांवर भरणारा खाऊबाजार ही अशा फेऱ्यांची गाजलेली ठिकाणे. तिथे हे जमते, कारण काही पावलांच्या अंतरात दहा-पंधरा जिन्नस मिळतात आणि ते उभ्या उभ्या, हातात द्रोण धरून खाता येतात. धुळ्याहून आग्रा रोडने इंदूर काही फार लांब नाही. तरी खानदेशात मात्र फेरीची घडी वेगळी बसते.

आजचा खानदेश म्हणजे जळगाव, धुळे आणि नंदुरबार हे तीन जिल्हे. १९०६ साली जुन्या खानदेश जिल्ह्याचे पूर्व आणि पश्चिम असे दोन भाग झाले, पुढे त्यांना जळगाव व धुळे ही नावे मिळाली, आणि १ जुलै १९९८ रोजी धुळ्यातून नंदुरबार वेगळा झाला. तापीच्या खोऱ्यातल्या काळ्या जमिनीत ज्वारी, कापूस, केळी, मिरची, उडीद पिकतो आणि ताटातही तेच येते. गुजरात आणि मध्य प्रदेश लागून असल्याने व मारवाडी-गुजराती व्यापारी पिढ्यान्‌पिढ्या इथे राहिल्याने रस्त्यावर कचोरी, फाफडा, खमण, जिलेबी यांची वर्दळ आहे. पण ज्याला लोक खानदेशी जेवण म्हणतात ते भरीत, शेवभाजी, वरण-बट्टी (बट्टी म्हणजे गव्हाच्या पिठाचे भाजलेले किंवा तळलेले गोळे) किंवा काळ्या मसाल्याचे मटण मुळात बसून, भाकर कुस्करून, रस्सा ओरपून खायचे आहे. द्रोणात चमचाभर चाखून पुढे जाणे त्या पदार्थाला मानवत नाही. म्हणून खानदेशातली चांगली फेरी नकाशावर कमी आणि कॅलेंडरवर जास्त आखावी लागते : कोणता महिना, बाजाराचा वार कोणता, यात्रा कुठली. शुल्क घेऊन फेरी घडवणारे मुंबई-पुण्यासारखे इथे फारसे रुजलेले नाहीत. पाहुणा आला की गावातलाच कुणी भाऊ किंवा जिभाऊ त्याला फिरवतो, आणि पैसे कुणी द्यायचे यावरून गल्ल्यापाशी थोडी झोंबाझोंबी होते.

जळगाव शहर : पायी फिरायला सोयीचा पट्टा म्हणजे टॉवर चौक, फुले मार्केट, सुभाष चौक आणि त्याला लागून असलेले दाणाबाजार व सराफ बाजार. जळगाव सोन्यासाठी आणि डाळीसाठी ओळखले जाते, आणि ही दोन्ही ओळखपत्रे या एकाच पट्ट्यात दिसतात. सकाळी पोहे, कचोरी, समोसे. दुपारनंतर भजे आणि तळलेल्या मिरच्या. संध्याकाळी भेळ, पाणीपुरी. यात वेगळे असे थोडेच, पण वाटाड्याने दाणाबाजारात थांबून तूर, उडीद आणि मुगाच्या डाळीची पोती दाखवली तर पुढचे जेवण समजायला मदत होते. खानदेशी स्वयंपाकात डाळ केवळ वरणापुरती येत नाही. ती भिजवून, वाटून, वाफवून फुणके होतात आणि कढीबरोबर खाल्ले जातात. हिरव्या मिरच्यांबरोबर घोटून डाळगंडोरी होते. उडीद ज्वारीत दळून कळण्याची भाकर होते. मुरमुरे, शेव, फुटाणे आणि शेंगदाण्यांचा भेळभत्ता मात्र खऱ्या अर्थाने रस्त्याचा पदार्थ. आठवडी बाजारातून घरी जाताना तो कागदाच्या पुडीत बांधून नेतात, सोबत पोरांसाठी गुळाच्या पाकातली गोडीशेव.

भरीत : जळगावची फेरी नोव्हेंबर ते फेब्रुवारीत करावी ती यासाठी. चातुर्मासात वांगे वर्ज्य मानणाऱ्या घरांत चंपाषष्ठीला भरीत-रोडग्याने ते पुन्हा ताटात येते, आणि तोवर थंडीही पडलेली असते. भरताचे वांगे जांभळे नसते; हिरवट-पांढरे, मोठे, गराने भरलेले आणि कमी बियांचे असते. यावल तालुक्यातले बामणोद आणि जळगावजवळचे आसोदे, म्हणजे बहिणाबाई चौधरींचे माहेर, ही गावे या वांग्यांसाठी प्रसिद्ध आहेत. ‘जळगाव भरीत वांगी’ला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, जळगावच्या केळीलाही त्याच वर्षी.

वांगी गॅसवर भाजली तर ते भरीत होते, पण खानदेशी माणूस त्याला भरीत म्हणायला कचरतो. शेतात कापूस वेचून झाल्यावर उरलेल्या कपाशीच्या वाळक्या काड्या रचायच्या, त्यावर वांगी मांडायची आणि पेटवून द्यायचे. या काड्यांचा जाळ झटकन चढतो आणि लवकर ओसरतो. त्यामुळे साल करपते, आतला गर आपल्याच पाण्यात शिजतो आणि धुराचा वास त्यात उतरतो. सोललेला गर बडगी नावाच्या लाकडी भांड्यात ठेचतात. वाटत नाहीत, कारण वाटला की चिकट होतो. हिरवी मिरची, लसूण, कोथिंबीर, भरपूर कांद्याची पात, शेंगदाणे आणि कुणाकडे खोबऱ्याचे काप तेलात परतून त्यात मिसळतात. टोमॅटो घालावा की नाही हा वाद न उकरलेला बरा. जुने लोक घालत नाहीत. सोबत कळण्याची भाकर किंवा पुरी, मुळा, कच्चा कांदा.

शेतावरच्या भरीत पार्ट्या हा या हंगामाचा सामाजिक भाग. वाड्याच्या अंगणात किंवा मळ्यात शंभर-दोनशे माणसे सहज बसतात. शहरात मात्र हंगामात भरीत तयार करून वजनावर विकणारी दुकाने लागतात आणि फेरीचा मुख्य थांबा तिथेच असतो. सकाळी अकराच्या आसपास भाजणी चालू असताना पोहोचले तर पाहण्यासारखे. संध्याकाळी गेल्यास फक्त खायला मिळते.

शेवभाजी : बाहेरगावचा माणूस खानदेश म्हटले की हिचेच नाव घेतो. कांदा आणि सुके खोबरे थेट विस्तवावर काळपट होईतो भाजून, गरम मसाल्यासह वाटून केलेला रस्सा, वर तेलाची तर्री आणि त्यात जाड, तिखट बेसनाची शेव. शेव आधी घालून ठेवली की विरघळून रस्सा पिठूळ होतो, म्हणून ती ताट वाढताना टाकतात. ढाब्यावर वाढप्या शेव वेगळी आणून समोर सोडत असेल तर बसायला हरकत नाही. हे ढाबे महामार्गावर आहेत, त्यामुळे फेरीचा हा टप्पा पायी होत नाही. गाडी काढावी लागते. मुंबई-आग्रा आणि सुरतेकडून नागपूरकडे जाणारा असे दोन महामार्ग धुळ्यात एकमेकांना छेदतात. ट्रकचालकांच्या वर्दळीने इथले ढाबे वाढले आणि शेवभाजीचा लौकिकही त्यांच्याबरोबर दूरवर गेला.

धुळे : जुन्या धुळ्याच्या गल्ल्यांना नावांऐवजी क्रमांक आहेत, गल्ली नंबर अमुक असा पत्ता सांगतात, नवख्यालाही वाट चुकणे अवघड. पाच कंदील आणि आग्रा रोडच्या परिसरात संध्याकाळी गाड्या लागतात. चैत्रात पांझरेकाठी एकवीरा देवीची यात्रा भरते तेव्हा हाच खाऊबाजार नदीकडे सरकतो.

तळणाच्या गाड्यांपाशी सांगण्याजोगी एक गोष्ट जळगाव जिल्ह्यातल्या अमळनेरची. १९४५ मध्ये वनस्पती तूप बनवण्यासाठी तिथे एक कारखाना निघाला. वेस्टर्न इंडिया व्हेजिटेबल प्रॉडक्ट्स हे त्याचे नाव. पुढे तीच कंपनी विप्रो म्हणून संगणक क्षेत्रात जगभर ओळखली गेली. कढईतल्या तेलाकडे पाहून ही माहिती देणारा वाटाडा गटात हमखास भाव खाऊन जातो.

नंदुरबार : इथे खाण्याआधी नाकाला खबर लागते. नंदुरबार ही लाल मिरचीची मोठी बाजारपेठ. पावसाळा सरल्यावर ओली लाल मिरची बाजार समितीत उतरते आणि गावाबाहेरच्या मोकळ्या जमिनींवर, ज्यांना पथारी म्हणतात, वाळत घातली जाते. एकरच्या एकर लाल दिसते. देठ खुडणाऱ्या बाया तोंडाला फडके बांधून दिवसभर बसतात. पाहुणे फोटो काढायला उतरतात आणि शिंकत गाडीत परततात. फेरीतला खरा अभ्यास हाच : रश्श्याचा रंग कुठून येतो, आणि ती मिरची खुडणाऱ्या हातांची संध्याकाळी किती आग होते.

सुरत-भुसावळ लोहमार्गामुळे नंदुरबारचा नाश्ता अर्धा गुजराती आहे. पुढचे नवापूर स्थानक तर महाराष्ट्र आणि गुजरात या दोन राज्यांत विभागलेले. सातपुड्याच्या बाजूला धडगाव, अक्कलकुवा, मोलगी भागात भिल्ल-पावरा कुटुंबे उन्हाळ्यात कैऱ्या चिरून, वाळवून आमचूर करतात. तो शहरातल्या चाटवर भुरभुरला जातो तेव्हा त्याचे गाव कुणी विचारत नाही. मार्गशीर्ष पौर्णिमेला, दत्त जयंतीच्या सुमारास तापीकाठी सारंगखेड्याची यात्रा भरते. लोक घोडे पाहायला जातात, पण जिलेबी, भजे आणि गरम रस्स्याच्या राहुट्या घोड्यांच्या रांगांइतक्याच गजबजलेल्या असतात.

केळीचा पट्टा : रावेर, यावल, सावदा, फैजपूर हा भाग फेरीत जोडला जातो तो वेफरसाठी. कच्ची केळी सोलून किसणीवरून चकत्या थेट उकळत्या तेलात सोडतात आणि गरम असतानाच मीठ-तिखट लावून देतात. थांबा पाच मिनिटांचा. फैजपूरला १९३६ मध्ये काँग्रेसचे खेड्यात भरलेले पहिले अधिवेशन झाले, एवढे सांगून गट पुढे निघतो.

रस्त्यावर न येणारे : खानदेशी खाण्याचा मोठा भाग बायकांच्या हातात आणि घराच्या आत आहे. पालथ्या मातीच्या खापरावर भाजली जाणारी पुरणपोळी हातावर फिरवत फिरवत परातीएवढी पातळ करावी लागते. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, ती आमरसाबरोबर घरोघर होते. हा हात वर्षांच्या सरावाने येतो आणि गाडीवर त्याचे अर्थकारण सहसा जुळत नाही. महिला बचत गटांच्या जत्रांमध्ये मात्र मांडे, बिबडे (ज्वारीचे पापड), कळण्याचे पापड, फुणके आता पैसे देऊन मिळतात, आणि फेरी आखणाऱ्याने दुसऱ्या वडापावापेक्षा हा थांबा निवडावा. वरण-बट्टी आणि घोटलेली वांग्याची भाजी खरी चाखायची तर भंडाऱ्याच्या, म्हणजे गावजेवणाच्या, पंगतीत बसावे. श्रावणात पुजल्या जाणाऱ्या कानबाई या देवीचे रोट (प्रसाद) मात्र कुठल्याच फेरीत बसत नाहीत. ते भाऊबंदांनीच खायचे असतात आणि पाहुण्याने मागायचेही नसतात.

नियम आणि काळजी : अन्न सुरक्षा व मानके अधिनियम, २००६ लागू झाल्यापासून हातगाडीवाल्यालाही नोंदणी बंधनकारक आहे, आणि पथविक्रेत्यांच्या जागेचा व उपजीविकेचा प्रश्न २०१४ च्या कायद्याखाली येतो. एफएसएसएआय या केंद्रीय अन्न सुरक्षा प्राधिकरणाने स्वच्छ खाऊगल्ल्यांना प्रमाणपत्र देण्याची योजना आणली. अहमदाबादचा कांकरिया तलाव परिसर त्यात पहिला ठरला. प्रमाणपत्र असो-नसो, जाणता वाटाडा आधी गिऱ्हाइकांची गर्दी आणि तेलाचा रंग पाहतो. उकळत्या रश्श्यापेक्षा धोका चटणीतल्या आणि पाणीपुरीतल्या पाण्याचा जास्त.

एप्रिल-मे महिन्यांत जळगाव-भुसावळकडे पारा ४५ अंशांपर्यंत जातो. त्या काळात दिवसा फेरी काढणे हा वेडेपणा. रात्री आठनंतर निघावे आणि शेवभाजीऐवजी उसाचा रस, ताक, कुल्फी यांवर भर द्यावा. तिखट न सोसणाऱ्याने ‘कमी तिखट करा’ म्हणून उपयोग नसतो, कारण रस्सा सकाळीच झालेला असतो. तर्री बाजूला काढून द्यायला सांगावे आणि दही मागवावे. शाकाहारी गटाला इथे काही अडत नाही. काळ्या मसाल्याचे मटण खाणाऱ्यांसाठी वेगळी खानावळ गाठावी लागते, आणि ती बहुधा फेरीच्या शेवटी ठेवतात, कारण त्यानंतर कुणी चालत नाही.

मालकाला आदल्या दिवशी कळवणे हा साधा शिष्टाचार. दहाजण अचानक गाडीपुढे उभे राहून दोन प्लेट वाटून खाऊ लागले, तर रोजचे गिऱ्हाईक ताटकळते आणि धंद्याची वेळ जाते. कळवलेले असेल तर तो निम्मी प्लेट आनंदाने करतो, पूर्ण प्लेटचे पैसे मात्र द्यावेत. भाजणीचे, तळणीचे छायाचित्र काढण्याआधी विचारावे. पथारीवरच्या बायांना तर आवर्जून.