आठवणींचा खेळ : बॉक्स उघडण्याआधी एवढं वाचा

नमस्कार. खेळ घेतलात, मनापासून आभार. सोंगट्या मांडायच्या आधी पाच मिनिटं काढून हा कागद वाचा, कारण यातलं जग जरा वेगळं आहे आणि दुकानात गर्दीत ते नीट सांगून होत नाही.

तर, एक गाव आहे, धरणाच्या पाण्याखाली गेलेलं. वर्षातून एकच महिना पाणी उतरतं, वाटा आणि जोती उघडी पडतात आणि बाहेर राहायला गेलेली माणसं परत येतात. या गावातल्या आठवणी जिवंत आहेत. म्हणजे खरोखर जिवंत, त्यांना कळतं, राग येतो, लाज वाटते, त्या माणसांची वाट बघतात. आणि एक आठवण कधी एकट्याची नसते, ज्या दोघा-तिघांनी ती गोष्ट पाहिली त्यांच्याकडे ती आळीपाळीने मुक्काम करते, आज हिच्याकडे, उद्या त्याच्याकडे. सगळ्यांनीच तिला टाकलं की ती पाण्यात जाऊन बसते.

हे सुचलं गोव्यातल्या सांगे तालुक्यातल्या कुर्डीवरून. गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं गाव. साळावली धरणामुळे 1980च्या दशकात ते पाण्याखाली गेलं, पण मे महिन्यात पाणी ओसरलं की जमीन वर येते आणि जुने गावकरी देवळाच्या आणि चॅपेलच्या उत्सवाला तिथे जमतात. घर उरलेलं नाही, तरी माणूस जोत्यावर उभं राहून 'इथे आमची चूल होती' म्हणून दाखवतो. बाकी आठवणींना तोंड आहे, मन आहे, हे मात्र आमच्या पदरचं.

आता खेळायचं कसं. 3 ते 6 जण लागतात. बॉक्समध्ये 48 कार्डं, 6 लाकडी सोंगट्या आणि एक वही. कार्ड हातात धरायचं नाही, शेजारशेजारच्या दोघांच्या मधे टेबलावर ठेवायचं, कारण ते दोघांचं आहे. कार्डाच्या खाली आठवणीचा स्वभाव लिहिलाय, रुसकी, भित्री, बडबडी वगैरे. ती आठवण वापरून पुढे सरकायचं असेल तर आधी तिला विचारायचं, आणि तिच्या वतीने उत्तर देणार समोर बसलेला माणूस, ज्याचा त्या कार्डाशी काही संबंध नाही तो. तिने नाही म्हटलं की नाही, तिथे फासा नाही की पॉइंट देऊन सुटका नाही. बऱ्याच जणांना हा नियम पहिल्यांदा कडक वाटतो पण आम्ही तो मुद्दाम ठेवलाय, दुसऱ्याशी जोडलेली गोष्ट न विचारता वापरायची नसते.

एकदा ट्रायलला 'ओसरीवरचा झोपाळा' हे कार्ड निघालं. दोघी बहिणी खेळत होत्या, मोठी म्हणाली कड्या कुरकुरायच्या, धाकटी म्हणाली कड्या कुठल्या, दोर होता, माझ्या तळहाताला वळ उठायचे, आणि तिने तळहात उघडून बघितला. आम्ही थांबलोच तिथे. तोवर आमच्याकडे 'बरोबर उत्तर' नावाचा नियम होता, तो त्या दिवशी काढून टाकला.

आता दोन जणांनी एकच आठवण वेगवेगळी सांगितली तर दोन्ही वहीत लिहायच्या, एकीखाली एक, सांगणाऱ्याच्या नावासकट. ही पद्धत आपल्याकडे फार जुनी आहे. तेराव्या शतकात म्हाइंभटांनी महानुभाव पंथाच्या चक्रधरस्वामींच्या लीळा, म्हणजे त्यांच्या आयुष्यातले प्रसंग, ज्यांनी पाहिल्या-ऐकल्या त्यांना विचारून गोळा केल्या, आणि महानुभावांच्या पोथ्यांत कुणाची आठवण वेगळी निघाली तर ती पुसली नाही, 'वासना' म्हणून शेजारी नोंदवून ठेवली. आम्हीही वहीत तोच शब्द छापलाय. नेहमीच्या अर्थाने घेऊ नका, मुलांनाही आधी सांगून ठेवा.

आणि आठवण बदलते म्हणजे कुणी खोटं बोलतं असं अजिबात नाही. केंब्रिजच्या फ्रेडरिक बार्टलेट या मानसशास्त्रज्ञाने लोकांना एक अनोळखी लोककथा वाचायला देऊन नंतर आठवून लिहायला लावली, तेव्हा गोष्टीतली कनू, म्हणजे लांबट अरुंद वल्ह्यांची होडी, नुसती होडी झाली, सील या समुद्री प्राण्याच्या शिकारीला निघालेले लोक मासे धरायला निघाले. प्रत्येकाने आपल्या ओळखीचं सामान तिच्यात भरलं होतं, हे त्याने 1932 साली पुस्तकात मांडलं. आमच्या खेळातल्या आठवणी घर बदलताना तेच करतात, म्हणून पाहुणी परत आली की तिच्या अंगावर दुसऱ्या घरचे कपडे असणारच.

48 पैकी 6 कार्डं कोरी आहेत, त्यावर तुमच्या घरच्या आठवणी लिहा. इथे एक कळकळीची विनंती. घरात नुकतंच कुणी गेलं असेल, भांडण असेल, तर ज्यांची ती आठवण आहे त्या सगळ्यांना आधी विचारा. एकजण जरी नको म्हणाला तरी कार्ड कोरंच ठेवा. मजेत बसलेल्या टेबलावर कुणाच्या तरी डोळ्यात पाणी आलेलं आम्ही पाहिलंय, ते पुन्हा व्हायला नको.

पहिल्या लॉटचा कागद पातळ आला होता, कार्डाच्या पाठीवरून अक्षरं दिसायची. तसा बॉक्स तुमच्याकडे असेल तर घेऊन या, पूर्ण सेट बदलून देऊ, त्याचे पैसे घेणार नाही. आणि एखादं कार्ड हरवलं तर त्यावरची ओळ आठवून सांगा, आम्ही पुन्हा छापून देतो. घरातल्या दोघांना दोन वेगळ्या ओळी आठवल्या तर दोन्ही छापून देऊ.