निष्फळ याचिका (ठेका रद्द झाल्याची प्रकरणे)

ठेका रद्द केल्याच्या आदेशाला आव्हान दिले, पण सुनावणीची पाळी येईपर्यंत मागितलेला दिलासा देण्याजोगाच उरला नाही, तर ती याचिका 'निष्फळ' ठरते. कोल्हापुरात वकिलांच्या तोंडी 'इन्फ्रक्च्युअस झाली' हेच असते.

समजा, बारा महिन्यांचा कचरा उठावाचा ठेका चौथ्या महिन्यात रद्द झाला. स्टे (आदेशाला तात्पुरती स्थगिती) मिळाला नाही, तर उरलेले आठ महिने तारखांतच जातात. तोवर नव्या ठेकेदाराच्या गाड्या गल्लीत फिरू लागलेल्या असतात. कधी कार्यालय स्वतःच आदेश मागे घेते, कधी त्या जागी दुसरा काढते. या शेवटच्या प्रकाराबाबत 'शिपिंग कॉर्पोरेशन विरुद्ध मचाडो ब्रदर्स' (२००४) हा सर्वोच्च न्यायालयाचा निवाडा महत्त्वाचा आहे. एजन्सी संपवण्याच्या पहिल्या नोटिशीविरुद्धचा दावा चालू असताना कंपनीने दुसरी नोटीस दिली. मूळ दाव्याचे कारणच संपले, तेव्हा केवळ अंतरिम मनाईहुकूम टिकवण्यासाठी तो जिवंत ठेवता येणार नाही, असे न्यायालय म्हणाले.

सरकारी ठेक्यांवरील रिट याचिकेसाठी (सरकारी निर्णयाविरुद्ध थेट उच्च न्यायालयात करायच्या अर्जासाठी) कोल्हापूरकर पूर्वी रात्रीची महालक्ष्मी एक्स्प्रेस पकडून मुंबई गाठत. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाच्या सर्किट बेंचचे (मुख्य ठिकाणाबाहेर बसणाऱ्या खंडपीठाचे) काम कोल्हापुरातच सुरू झाले. सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग हे जिल्हेही तिच्याकडे आहेत. प्रवास वाचला, ठेक्याची मुदत मात्र कोणासाठी थांबत नाही. त्यात पायाभूत सुविधांच्या कामाला विलंब होईल असा मनाईहुकूम देण्यास विनिर्दिष्ट साहाय्य अधिनियमाच्या २०१८ च्या दुरुस्तीने दिवाणी न्यायालयांना मज्जाव केला आहे.

याचिका निष्फळ झाली म्हणजे ठेकेदार चुकला असे नव्हे. 'सर्व मुद्दे खुले' ठेवून ती निकाली निघते, आणि आदेश बेकायदा होता की नाही हे कोणी सांगतच नाही. म्हणून विनंतीचे कलम, म्हणजे याचिकेत नेमका कोणता दिलासा हवा ते मांडणारा भाग, नीट लिहिणे हीच खरी वकिली. फक्त 'ठेका पूर्ववत करा' एवढीच मागणी असेल, तर मुदतीबरोबर सगळे संपते. जप्त केलेली सुरक्षा ठेव आणि काळ्या यादीचा डाग मात्र मुदत संपल्यावरही छळतात; ते मुद्दे मांडले असतील तर याचिकेत धुगधुगी राहते.

नुकसानभरपाईचा वेगळा दावा करार कायद्याच्या कलम ७३ खाली लावता येतो, करारात लवादाची अट असेल तर लवादापुढे. त्याची तीन वर्षांची मुदत साधारणपणे करार मोडल्याच्या तारखेपासून धावते, याचिका निकाली निघाल्यापासून नव्हे.